इनास, पानं मी बदलतोय

इनास, आज पानं मी बदलली. गुलाबाचीच आहेत. तीन पाण्यांनी धुतली, फडक्यावर पसरून सुकवली, डहाळ्या बाटलीत खोचल्या आणि बाटलीच्या तोंडाशी कापूस कोंबला, म्हणजे पिल्लं पाण्यात पडून बुडायची नाहीत. सगळं तू शिकवलंस तसं. तुझ्या हाताला हे पाच मिनिटांचं काम होतं. मला अर्धा तास लागतो, आणि वर बोटांत काटे जातात.

तुला जाऊन सतरा दिवस झाले. तुझ्या खाटेवर अजून कोणी आलेलं नाही. आपल्या खोलीतल्या रामाने तिच्यावर इस्त्रीचे कपडे ठेवायला सुरुवात केली होती. मी त्याच्या अंगावर ओरडलो, तेव्हापासून ठेवत नाही. आणि टेबलावर, तुझ्या किड्यांच्या खोक्याशेजारी, आग्नेसवहिनीचं पत्र पडलंय. काल आलं वसईहून. तुझ्या पेटीबरोबर जो माणूस गेला, त्याच्याकडून तिला कळलं की तुझं पोट तीन दिवस दुखत होतं. पत्रात रडणं नाही, तक्रार नाही. शेवटी एकच ओळ आहे: ‘भाऊ, मला एवढेच कळवा, त्याला डॉक्टरकडे न्यायला तिथे कोणी माणूस नव्हते का?’

काल संध्याकाळपासून मी तीनदा उत्तर लिहिलं आणि तीनदा फाडलं. म्हणून आधी तुलाच लिहितोय. तुझ्याशी बोलणं मला सोपं वाटतं. तू जिवंत असतानाही मला कधी लागेल असं बोलला नाहीस. बोलला असतास तर बरं झालं असतं, असं आता वाटतं.

जानेवारीत तू या खोलीत आलास तो अवतार आठवतोय का? एका हातात ट्रंक, दुसऱ्या काखेत जाळीचा डबा, आणि चेहरा असा की साहेबाने बंगलाच तुझ्या नावावर केलाय. तुझा साहेब बहरीन सोडून विलायतेला परत गेला होता. त्याच्या मुलीच्या शाळेत वर्गात हे काडीकिडे पाळायचे. सुट्टीत घरी न्यायची तिची पाळी आली आणि त्याच सुट्टीत त्यांचं सामान बांधलं गेलं. जाताना पोरगी रडली आणि डबा तुझ्या हातात देऊन म्हणाली, इनास, प्रॉमिस. तू प्रॉमिस केलंस. आठ वर्षांच्या पोरीला दिलेला शब्द पाळायला तुला कोणी सांगितलं होतं? पण तू तसलाच.

रामाने डब्यात वाकून पाहिलं आणि मागे उडी मारली. ‘अरे मेल्या, ही काटकी चालता रे!’

‘काटकी नाही, स्टिक इन्सेक्ट,’ तू म्हणालास. ‘आणि हे इंडियन आहेत. बेबीच्या पुस्तकात लिहिलंय. आपल्याकडचे. कोणी तरी विलायतेला नेले, तिथून शाळेसाठी इथे आले.’

‘म्हणजे आपल्यासारखेच,’ मी म्हटलं. ‘पासपोर्ट कोणाकडे आहे यांचा?’

तू हसलास. तेव्हा हसण्यासारखंच होतं ते.

मग तू ती दुसरी बातमी दिलीस, की या सगळ्या माद्या आहेत. यांच्यात नर जवळपास नसतोच, या आपल्या आपणच अंडी घालतात आणि त्यातून पुन्हा माद्याच निघतात. तीन बाप्यांची बॅचलर खोली, घरी बायका सोडून आलेले लोक, आणि मध्ये जाळीत तीस बायका! रामाला ऊत आला. पण तू त्याला दोन शब्दांत गप्प केलंस आणि दुसऱ्या दिवशी त्यांना तुझ्या गावातल्या मावश्यांची नावं ठेवलीस. मोनिकामावशी, इसाबेलमावशी, लंगडी सांतानमावशी. मावशी म्हटल्यावर काय बोलणार? सांतानमावशीचा एक पाय तुटलेला होता. पुढच्या वेळी कात टाकली तेव्हा त्या जागी नवा पाय आला, आखूड आणि वाकडा, पण पाय. त्या दिवशी तू सगळ्यांना खीर खायला घातलीस.

मी तुला मोठं घर करून दिलं. आमच्या कंपनीत विंडो एसी येतात ती लाकडी खोकी पडलेली असतात. एक उचलून आणलं, दोन बाजूंना मच्छरदाणीची जाळी ठोकली. उंची हवी, तू बजावलंस. कात टाकताना त्या उलट्या लटकतात आणि जुन्या कातडीतून खाली घसरत बाहेर येतात. खाली जागा कमी पडली तर अर्ध्यात अडकतात आणि तशाच मरतात. तू हे सांगितलंस तेव्हा मी खिळे ठोकत होतो आणि माझं अर्धंच लक्ष होतं.

फेब्रुवारीत तुझा व्हिसा संपला. नव्या घरी ड्रायव्हरची नोकरी ठरली होती, त्या घरचे चांगले होते, नुसता जुन्या कंपनीचा एनओसी हवा होता. तुझा पासपोर्ट त्याच कंपनीच्या कपाटात. तिथला मंदूब, म्हणजे व्हिसाचे कागद घेऊन कचेऱ्या फिरणारा माणूस, दर शनिवारी फोनवर म्हणायचा, ‘बुकरा, इंशाल्ला.’ उद्या. आपण किराण्याच्या बाकालातल्या फोनवरून तो उद्या ऐकायचो आणि परत यायचो. मग बाजारातून बिनव्हिसाची दोन माणसं उचलली गेली, तेव्हा मी तुला म्हटलं, इनास, आता तू फोनलाही यायचं नाही. फोन मी करीन. तू खोलीतच बस.

आणि तू बसलास. मार्च, एप्रिल, मे आणि अर्धा जून. मनामातली ही गल्ली तुला पहिल्या मजल्याच्या एका खिडकीतून जेवढी दिसेल तेवढीच उरली. समोर शिंप्याचं दुकान, कोपऱ्यात थंड पाण्याची टाकी, आणि वाकून पाहिलं तर मशिदीच्या मिनाराचं टोक. रविवारची तुझी चर्चमधली मिस्सा सुटली. आम्ही दोघे पहाटे कामाला निघायचो, बाहेरून कुलूप लावायचो. कुलूप ही माझी अक्कल. बाहेर कुलूप असलं की आत कोणी आहे असं कोणाला वाटत नाही. पहिल्या दिवशी किल्ली फिरवताना मला कसंसंच झालं होतं. आठवड्याने काही वाटेनासं झालं.

कोणी दार वाजवलं तर काय करायचं, हेही मीच तुला शिकवलं. तुझ्या त्या मावश्यांना बोट लागलं की त्या धपकन खाली पडायच्या, पाय अंगाशी घट्ट, मेल्यासारख्या. कितीही उलटसुलट करा, हलायच्या नाहीत. ‘बघ,’ मी म्हटलं, ‘दार वाजलं की तू असाच.’ तू मान डोलावलीस. आणि खरंच, एकदा मी दुपारी लवकर आलो, गंमत म्हणून आधी दार ठोठावलं, मग कुलूप काढून आत आलो. तू खाटेवर ताठ पडला होतास, हात अंगाशी, डोळे मिटलेले. मी हाक मारली तरी थोडा वेळ तू उठला नाहीस. मी हसलो. तू हसला नाहीस. उठलास आणि किड्यांवर पाणी शिंपडायला लागलास. मी असली गंमत पुन्हा केली नाही, पण त्याबद्दल तुला सॉरीही म्हटलं नाही.

आपलं खरं भांडण एकच होतं आणि ते अर्धंच राहिलं. एप्रिलपासून तू म्हणत होतास, ‘वसंता, मी सरळ जातो व्हिसाच्या ऑफिसात. सांगतो, माझा व्हिसा संपलाय, काय करायचं ते करा. पकडतील, चार दिवस ठेवतील, शेवटी घरीच पाठवतील ना?’

‘आणि परत येता येणार नाही,’ मी म्हणायचो. ‘लेकीचं, लीनाचं नर्सिंगचं शिक्षण कोण करील? थांब जरा. कागद येतायत.’

‘कागद येतायत, कागद येतायत! या मोनिकामावशीने या खोलीत येऊन तीनदा कात टाकली, तुझे कागद अजून येतायत!’

‘मंदूब म्हणालाय, या महिन्यात.’

‘खलास,’ तू म्हणायचास आणि तोंड फिरवून पानं निवडायला बसायचास. तुझं खलास म्हणजे भांडण संपलं असं मी धरायचो. आता वाटतं, तू माझ्यापुढे हात टेकत होतास.

इनास, मी जे तुला कधी सांगितलं नाही ते आता सांगतो. लीनाचं शिक्षण हे खरं होतं, पण ते सगळं खरं नव्हतं. तू यायच्या आधी सहा वर्षं मी या खोलीत राहिलोय. कामावरून यायचं, कुलूप काढायचं, अंधारात बटण चाचपायचं, कालच्या भांड्यात भात टाकायचा. तू आलास आणि मी जिना चढताना आंबट कालवणाचा वास यायला लागला. कुलूप काढलं की आत दिवा लागलेला असायचा. तू विचारायचास, आज कोणाच्या घरी गेला होतास, त्यांच्या बागेत काय काय आहे? मी कोणाच्याही घरी एसी दुरुस्त करून यावं आणि तू बागेचं विचारावंस. सहा वर्षांत मला असं कोणी काही विचारलं नव्हतं. तू ऑफिसात गेला असतास तर घरी पोहोचला असतास आणि मी पुन्हा अंधारात बटण चाचपत बसलो असतो. म्हणून मी थांब म्हणायचो. अगदी पहिल्यांदा म्हटलं तेव्हाही मनात हे होतं. मला ते ठाऊक होतं.

पानांचं काम तू बाहेर जाईनासा झाल्यापासून माझ्याकडे आलं. मी गिऱ्हाइकांच्या बागांतून गुलाबाच्या डहाळ्या मागून आणायचो. एसीवाल्याला हे कशाला हवं, म्हणून बायका बघत राहायच्या. कोणी तरी समजली मी हकीम आहे. एकदा हिद्दला एका घरून छान कोवळी डहाळी मिळाली. तू विचारलंस, फवारलेली नाही ना? मी म्हटलं, छे. विचारलंच नव्हतं मी. दुसऱ्या दिवशी सकाळी तळाला अकरा मावश्या पडल्या होत्या. तुला आधी वाटलं, सोंग घेतायत. तू वाट बघत बसलास. आम्ही कामाला गेलो आणि संध्याकाळी आलो तरी तू तसाच खोक्यासमोर बसलेला, हातात तो पाण्याचा फवारा. मग एकेक उचलून कागदात गुंडाळलीस. मी म्हटलं, ‘चुकलो रे.’ तू म्हणालास, ‘तुला काय ठाऊक? तू आणलीस तरी.’ झालं. एवढंच. त्या दिवसापासून मी पानं तीन पाण्यांनी धुतो. पण त्या दिवशी तू दोन शिव्या हासडायला हव्या होत्यास. माझ्या चुकीला तुझ्याकडे नेहमी माफीच असते, अशी मला सवय लागली.

मे महिना लागला आणि एसीचा प्रश्न आला. इतकी वर्षं हे काम करतो, मला माहीत होतं की चालू एसी बाहेर पाणी टपकवतो. खोलीला कुलूप, राहणारे कामावर, आणि खिडकीतून गल्लीत टिपटिप, म्हणजे आत माणूस आहे अशी पाटी लावण्यासारखंच. म्हणून दिवसा एसी बंद, असा माझा हुकूम. तू तेही ऐकलंस. मेच्या उन्हात, बंद खिडकीच्या खोलीत, ओला टॉवेल खांद्यावर घेऊन. स्वतःसाठी तू एका शब्दाने बोलला नाहीस. पण पाचव्या दिवशी इसाबेलमावशी जाळीवरून सुटून पडली, आणि मी आल्या आल्या तू माझ्यावर ओरडलास, पहिल्यांदाच. ‘ते काही मला माहीत नाही! एसी लागला पाहिजे. या मरतायत!’

मी त्याच संध्याकाळी एसीच्या तळाला नळी बसवली आणि पाणी आत बादलीत सोडलं. गल्लीत एक थेंब पडेना. ते बादलीतलं पाणी तू किड्यांवर फवारायला वापरायला लागलास, नळाच्या खाऱ्या पाण्यापेक्षा बरं म्हणून. तुझ्यासाठी ती नळी मला पाच दिवस सुचली नाही. किड्यांसाठी अर्ध्या तासात सुचली.

अंड्यांचा किस्सा वहिनीला सांगायचा आहे, तेवढा तरी हसायचा. मोहरीएवढी, तपकिरी, टोकाला पिवळी टिकली असलेली ती अंडी तू दुधाच्या पावडरीच्या डब्यात ठेवली होतीस. डबा होता मसाल्यांच्या फळीवर. रामा आमटीला फोडणी देत होता, तेल तापलेलं, आणि चिमूट डब्यात गेलेली. तू खाटेवरून जी उडी मारलीस! बिनव्हिसाचा माणूस, आवाज करायचा नाही म्हणून तीन महिने कुजबुजत बोलणारा, आणि एवढ्या मोठ्याने ओरडलास की समोरचा शिंपी वर येऊन विचारून गेला. त्या शिंप्याने पुढे कोणाला काही सांगितलं नाही. भला माणूस. मी उगाच सगळ्या गल्लीला घाबरत होतो.

मग ते तीन दिवस. बुधवारी तू जेवला नाहीस, पोटात कळ येते म्हणालास. मी ओवा दिला. गुरुवारी कळ उजवीकडे सरकली. मी गरम पाण्याची बाटली दिली. शुक्रवारी सुट्टी, मी दिवसभर घरात होतो. तू पाय पोटाशी घेऊन पडला होतास आणि म्हणालास, ‘वसंता, सलमानियाला, हॉस्पिटलात नेतोस का?’

तू विचारलंस, इनास. मी वहिनीला लिहून फाडलेल्या तिन्ही पत्रांत लिहिलं होतं की तू काही बोललाच नाहीस. तू बोललास. मी म्हटलं, ‘तिथे आधी रहिवासाचं कार्ड मागतील. उद्या शनिवार, मंदूबला फोन करतो. एक दिवस कळ काढ.’ तू म्हणालास, ‘बरं.’ आणि काही वेळाने, ‘पाणी शिंपडलंस का त्यांच्यावर?’

शनिवारी सकाळी तू हाकेला ओ दिली नाहीस. अंग तव्यासारखं तापलेलं. मी आणि रामाने तुला उचलून टॅक्सीत घातलं. साडेतीन महिन्यांनी तू गल्लीत आलास आणि डोळे उन्हाला मिटून घेतलेस. हॉस्पिटलात दारातच तुला स्ट्रेचरवर घेतलं. कोणी कार्ड मागितलं नाही. मी खिशात हात घालून काय सांगायचं ते जुळवत उभा होतो, आणि कोणी विचारलंच नाही. नर्स तुझ्याच बाजूची निघाली, आगाशीची. तिने विचारलं, ‘कधीपास्नं दुखतंय?’ तू माझ्याकडे पाहिलंस आणि म्हणालास, ‘आजच.’

डॉक्टर म्हणाला, आत अपेंडिक्स फुटलंय, दोन दिवस तरी झाले असतील. तुला आत नेल्यावर ती नर्स कार्ड विचारायला आली. मी म्हटलं, नाही. ती म्हणाली, ‘असू दे, नुसतं नाव नीट लिहायला पाहिजे होतं.’

रविवारी दुपारी तू गेलास. सोमवारी तुझा पासपोर्ट आला. जो मंदूब साडेतीन महिने उद्या उद्या म्हणत होता, तो स्वतः घेऊन आला, एका दिवसात, सगळ्या सह्यांसकट. वाईट माणूस नाही तो, डोळ्यांत पाणी होतं त्याच्या. चर्चमध्ये फादरने प्रार्थना केली, मी आणि रामा मागे उभे होतो. तुझ्याबरोबर वसईपर्यंत जावं असं फार वाटलं. पण माझा पासपोर्ट माझ्या कंपनीच्या ड्रॉवरमध्ये, आणि रजा पुढच्या वर्षी. म्हणून दुसऱ्याच कोणाच्या तरी रजेबरोबर तू गेलास. खोलीत परत आलो, कुलूप काढलं, बटण चाचपलं. खोक्यात पानं वाळून गेली होती आणि सांतानमावशी आखूड पायाने जाळीला धरून होती. मी तिथेच जमिनीवर बसून रडलो. रामा म्हणाला, ‘ऊठ रे, पाना आणूक होयी.’ आम्ही दोघे पानं आणायला गेलो.

तुझी खरीच आठवण येते. तुझ्या कालवणाची, तुझ्या मावश्यांच्या चौकशांची. तू मला या साडेसहा वर्षांतले पाच महिने दिलेस, घर म्हणावं असे. ते मी तुझ्याकडून मागून नाही घेतले, कुलूप लावून घेतले.

आज सकाळी पानं बदलताना दुधाच्या डब्यात हालचाल दिसली. तू मार्चमध्ये साठवलेली अंडी फुटायला लागलीत. नखाएवढं पिल्लू, पायाला टरफल अडकलेलं. ते सोडवायचं नाही, तू सांगितलं होतंस, आपला हात लावला तर पाय तुटतो, त्याचं त्याला सुटू द्यायचं. मी हात मागे घेतला आणि बघत बसलो. कामावर उशीर झाला. दुपारी जेवायला येऊन पाहिलं तर ते जाळीवर चढलेलं होतं.

म्हणून कामावरून येताना मी आमच्या ऑफिसात गेलो. म्हटलं, मला वसईला जायचंय, पासपोर्ट द्या, रजा बिनपगारी धरा. साहेब म्हणाला, बुकरा. मी म्हटलं, मी इथेच बसतो. ऑफिस बंद होईपर्यंत बसलो. उद्याही बसणार आहे. पासपोर्ट मिळाला की हे सगळं वहिनीला तोंडावर सांगेन. पण तोवर तिला थांबायला लावायचं नाही. थांब म्हणणं मी सोडलंय.

चौथं पत्र लिहून झालंय. फाडलेलं नाही. तिने एकच विचारलं होतं, एकाच ओळीत उत्तर दिलंय: ‘वहिनी, माणूस होता. त्याने मला सांगितले होते. मी नेले नाही.’